काकूने न पाहिलेले सिनेमे

देवासहून नंदूचा फोन आला, "ताई, बापूकाका गेले." मी चटकन विचारलं, "कशात?" तो हळूच म्हणाला, "खरंच गेले गं. सकाळी दाढी करता करता." माझी मलाच लाज वाटली. पण 'बापूकाका गेले' हे वाक्य आमच्या घरात इतक्यांदा आणि इतक्या उत्साहात ऐकलं होतं, की ते ऐकून रडायची सवयच नव्हती.

बापूकाका म्हणजे माझ्या वडिलांचे धाकटे भाऊ आणि नंदूचे वडील; आमचं ऐकून तोही त्यांना बापूकाकाच म्हणायचा. तरुणपणी मुंबईत राहून ते कृष्णधवल हिंदी सिनेमांत दुय्यम भूमिका करायचे. नायकाचा मित्र, इमानी मुनीम, सरळमार्गी फौजदार. चेहरा इतका सज्जन, की मध्यंतराआधी त्यांना मारलं की नायकाला सूड घ्यायला कारण मिळे आणि प्रेक्षक रुमाल काढत. गोळी लागून, साप चावून, टांग्याखाली सापडून, खोकून खोकून... काका दर वेळी मन लावून मेले. सुट्टीत देवासला आले की पानवाला ओरडायचा, "क्यों भिया, अब के कैसे निपटे?" आणि काका भर रस्त्यात छातीवर हात दाबून करून दाखवायचे. धारला आमची आजी तर खूशच. जिवंत माणसाच्या मरणाची खोटी बातमी आली की त्याचं आयुष्य वाढतं, यावर तिचा ठाम विश्वास होता. काका नव्वदीला टेकले, तेव्हा म्हातारीचं अगदीच चुकलं असंही म्हणता येत नाही.

काकूचं मात्र उलट. कपाळावर कुंकू असताना नवऱ्याचं मरण डोळ्यांनी बघायचं नाही, खोटं असलं तरी नाही. सगळं गाव सिनेमा बघून यायचं, ही घरी गहू निवडत बसायची. मला नसत्या चौकशा करायची खोड. मी तिला म्हटलं, "अगं, मरायच्या आधी उठून बाहेर ये ना!" तर म्हणाली, "आणि कधी मरतील ते मला कोण सांगणार? तू?" झालं, विषय संपला. काकांना मात्र ते लागायचं. एरवी स्वतःबद्दल चकार शब्द न बोलणारा हा माणूस या एका बाबतीत हट्टी होता. "बाकी काही बघू नकोस," ते तिला म्हणायचे, "पण मरतानाचं तेवढं बघ. तेच माझं खरं काम." मी विचारलं, असं काय आहे त्यात? तर म्हणाले, "ते सांगून उपयोग नाही, विजू. तिने स्वतः बघायला हवं." मला वाटायचं, नटाचा अहंकार, दुसरं काय! रंगीत सिनेमे आले, कामं मिळेनाशी झाली, काका देवासला परत येऊन शाळेत हिंदी शिकवायला लागले. काकूने काही बघितलं नाही ते नाहीच. काकांनीही पुढे विषय काढणं सोडलं. मी मात्र मनातून काकूवर रागावलेलीच राहिले.

काकांचे दिवस झाल्यावर पंधरवड्याने मी धारहून तिला भेटायला गेले. पुढच्या खोलीत पलंगावर बसली होती, एकदम लहान झाल्यासारखी. म्हणाली, "तुझ्या मोबाईलमध्ये ह्यांचे पिक्चर येतात म्हणे?" मी हो म्हटलं. "मग लाव. अब काहे का डर... तो गोलीवाला लाव."

मी लावला. काकांना गोळी लागली. नायकाच्या मांडीवर डोकं ठेवून ते निवांत मरत होते, धाकट्या भावाला सांभाळ म्हणत होते. काकू पापणीही न लवता बघत होती. शेवटी काकांनी कुठेतरी लांब बघत हाक मारली, "शांता..." आणि मान टाकली. काकूच्या हातातलं फुलपात्र कलंडलं, पाणी पलंगभर झालं.

"काय गं?"

"शांता मीच," ती म्हणाली. "मनावर गावात, माहेरी होते तोवर."

लग्नात तिचं नाव बदललं होतं. देवासमध्ये ती सुमित्राच. जुनं नाव इथे एकट्या काकांना माहीत होतं, आणि वडीलधाऱ्यांनी भरलेल्या घरात ते त्यांना कधी उच्चारता आलं नाही. माझ्यासारखी चोंबडीही एवढ्या वर्षांत ते विचारायला विसरली. सिनेमातल्या दुय्यम पात्राच्या बायकोला नाव द्यायची तसदी कोण घेणार? ती जागा काकांनीच भरून काढली असणार. "दुसरा लाव," काकू म्हणाली. साप चावला... शांता. टांगा अंगावरून गेला... शांता. मला रडू आवरेना.

नंदूने तिला आता फोन घेऊन दिला आहे. तो सांगतो, दुपारी जेवण झालं की आई पुढच्या खोलीचं दार लोटून घेते. बाहेर फक्त सिनेमाचा आवाज येत राहतो. मग काका हाक मारतात, आणि आतून काकू ओ देते.