टोपलीतली तोंडं

थ्रीडी प्रिंटर चालू असला की सारखी कुरकुर ऐकू येते. त्या कुरकुरीत देवीची हनुवटी तयार होत होती आणि माझी मैत्रीण वृंदा ते चित्रित करत होती. वस्तू अशा छापून निघू लागल्या की माणसांचं काय होतं, हा तिच्या फिल्मचा विषय. गावच्या बोहाड्याच्या उत्सवात देवीचा मुखवटा चढवून नाचणारे रामजीकाका मुद्दाम आले होते. जुन्या मुखवट्याला वाळवी लागली, म्हणून नवा इथे, शहरातल्या कार्यशाळेत होत होता. चपला त्यांनी दाराबाहेरच काढल्या होत्या.

मग त्यांची नजर टेबलाखालच्या कचऱ्याच्या टोपलीत गेली.

"ही कुणाची तोंडं?"

"बिघडलेली आहेत काका," वृंदा म्हणाली. "ट्रायलची."

काका टोपलीपाशी उकिडवे बसले. त्यांच्याकडे कागदाच्या लगद्याचा मुखवटा बिघडला, तर तो पुन्हा भिजवतात आणि त्यातूनच दुसरा घडवतात. टाकायची वेळच येत नाही. आपल्याला मात्र चुका टाकून द्यायची किती सवय झालीय! बटण दाबलं की नवी वस्तू. जुनीकडे कोण बघतो? मला वाटलं, आता हे उठून जाणार, आणि यंदा गावात देवी नाचणार नाही.

काकांनी डोक्याचं मुंडासं सोडलं, फरशीवर अंथरलं आणि ती अर्धी नाकं, तुटके गाल एकेक करून त्यावर मांडले.

"आई, लेकरं चुकली. पोटात घाल."

वृंदाने कॅमेरा बंद केला. यंत्र चालूच होतं. मी खाली पाहिलं. माझ्या चपला पायातच होत्या.