रिकामं मशीन

महिन्यातून एकदा वॉशिंग मशीन धुवायचं, म्हणून जाळीतला काळपट लगदा काढला, पावडर टाकली आणि मशीन रिकामंच लावलं. आत गरम पाणी एकटंच फिरू लागलं. सासूबाई डोकावल्या. "अगं, एवढं गरम पाणी वाया! निदान पायपुसणी तरी टाक."

"नाही आई, आत काही नसलं तरच ते स्वच्छ होतं," मी ठामपणे म्हणाले आणि समोर स्टूल घेऊन बसले.

नोकरीतून निवृत्त होऊन दोन महिने झालेत. आज सकाळपासून ओटा तीनदा पुसलाय. नुसतं बसवत नाही. या मशीनला रिकामं फिरायची लाज कशी वाटत नाही, कोण जाणे!

दहा मिनिटं कशीबशी काढली. मग उठले, मशीन थांबवलं आणि दारातली पायपुसणी उचलून आणली.