चौकटीवरचा हात

काल दुपारी टीव्हीवर एक जुना कृष्णधवल सिनेमा लागला होता. सासरी निघालेली नायिका उंबरठ्यावर थबकली, तिनं दाराच्या चौकटीला हात लावला आणि तीच बोटं ओठांना टेकवली.

"माहेर सुटताना कसा जीव तुटतोय बघा तिचा," बायको म्हणाली.

मला हसू आलं. ती नायिका म्हणजे आमच्या राहेलआंटी! माझ्या लहानपणी पुण्याच्या कॅम्पात शेजारी राहायच्या. इराणहून आलेलं ज्यू कुटुंब. त्यांच्या चौकटीवर प्रार्थना ठेवलेली एक लहानशी नळी तिरकी ठोकलेली होती. भाजी आणायला निघाल्या तरी तिला हात लावून बोटं ओठांना लावायच्या. सेटवरही सवयीनं हात वर गेला.

"नळी कुठली रे तिथे, नुसता रंगवलेला पुठ्ठा," त्या सांगायच्या. "पण डायरेक्टर म्हणाला, राहू दे, फार छान दिसलं."

पडद्यावर आंटींनी अशी किती घरं सोडली! सगळी खोटी. खरं घर इस्फहानला राहिलं. घरचे तिथून निघाले तेव्हा त्या आईच्या खांद्यावर झोपल्या होत्या. त्या चौकटीला हात लावायचा तेवढा राहून गेला.