पेपर कोरा सोडायचा नाही

माझ्या मुलीला 'माहीत नाही' हे दोन शब्द बोलता येत नाहीत. बाकी सगळं येतं. चार भाषा येतात, गर्दीत चाळीस डोकी नजरेने मोजता येतात, हरवलेल्या आजीबाई नेमक्या कोणत्या दुकानासमोर सापडतील ते न सांगता कळतं. पण हे दोन शब्द तिच्या तोंडून सत्तावीस वर्षांत मी एकदाही ऐकलेले नाहीत. एरवी घरात ते खपून जातं. उद्या सकाळी दहा वाजता मात्र तिला गाईडांच्या कार्यालयात साहेबांसमोर उभं राहायचं आहे. गळ्यातला बिल्ला काढून टेबलावर ठेवायचा आणि साहेब विचारतील त्याचं उत्तर द्यायचं. उत्तर चुकलं तर बिल्ला टेबलावरच राहणार. आणि ती उत्तर देणार, हीच तर माझी काळजी आहे. हे म्हणाले, तू जागी राहिलीस म्हणून ती शहाणी होणार आहे का? एवढं बोलून कूस बदलली आणि घोरायला लागले. म्हणून मी वही घेऊन स्वयंपाकघरात येऊन बसले आहे.

घरात आम्ही तिला भोंगा म्हणतो. जन्मली तेव्हा तिचं रडणं ऐकून दवाखान्याच्या खालच्या मजल्यावरचा रखवालदार काठी घेऊन वर आला होता. हे नाव नर्सबाईंनीच ठेवलं, आम्हाला वेगळा विचार करावा लागला नाही.

दोष भोंग्याचा नाही, माझा आहे. ती चौथीत असताना परीक्षेच्या सकाळी वेणी घालता घालता मी तिला एक मंत्र दिला होता. पेपर कोरा सोडायचा नाही. येत नसलं तरी काहीतरी लिहून यायचं, तपासणाऱ्याला दया येते. मी स्वतः याच मंत्रावर पदवीपर्यंत पोहोचले होते, त्यामुळे माझा त्यावर पूर्ण विश्वास होता. तिने तो अक्षरशः पाळला. भूगोलात विचारलं होतं, वारे का वाहतात. तिने लिहिलं, वाऱ्यांना एका जागी करमत नाही म्हणून. पाचापैकी दोन मिळाले. इतिहासात एका लढाईचं वर्णन करायचं होतं, तर तिने लिहिलं की पहिल्या राजाने दुसऱ्या राजाचा पराभव केला, कारण दुसरा तेव्हा घरी नव्हता. त्यालाही एक गुण मिळाला. मी तो पेपर शेजारणींना वाचून दाखवला, सगळ्या पोट धरून हसल्या, आणि भोंगा दारामागे उभी राहून ऐकत होती. तेव्हाच तिच्या मनाने घेतलं असावं की, अंदाजाने दिलेल्या उत्तराला गुण तर मिळतातच, वर आईही खूश होते.

आमच्यापासून एका रात्रीच्या प्रवासावर एक तीर्थक्षेत्र आहे. नदी, पायऱ्या, लहानमोठी देवळं, आणि दोन माणसं समोरासमोर आली तर एकाला मागे जावं लागेल अशा गल्ल्या. भोंगा तिथे गेली पाच वर्षं गाईड आहे. ज्यांची परतीची गाडी दुपारी असते अशा लोकांना ती अडीच तासांत सगळं क्षेत्र दाखवते. तिचं काम मी आता जवळून पाहिलं आहे. सकाळी सात वाजता स्टेशनबाहेरच्या घड्याळाखाली एक काडी मोडलेली पिवळी छत्री उघडून ती उभी राहते. ऊन नसतं, पाऊस नसतो, छत्री फक्त दिसण्यासाठी. आधी माणसं मोजते, मग सगळ्यांना स्वच्छतागृहाकडे पिटाळते. सांगते, देव पुढेही भेटेल, ही सोय पुढे भेटणार नाही. चपलांच्या जोड्या दोरीने बांधून त्यांना नंबर लावते. आणि मग चालायला लागते ती उलटी. तोंड लोकांकडे, पाठ रस्त्याकडे. कुठे फरशी उचकटली आहे, कुठे गाय बसते, कुठे पन्हळ गळते, सगळं तिच्या टाचांना पाठ आहे. पाच वर्षांत एकदाही पडलेली नाही. मी मात्र रोज सकाळी सात ते साडेनऊ घड्याळाकडे बघत बसते.

गेल्या महिन्यात मी कोणालाही न सांगता तिच्या फेरीला गेले. हेतू एवढाच, की पोरगी नक्की काय सांगते ते एकदा कानांनी ऐकावं. शेजारणीच्या नावाने नोंदणी केली, डोक्याला स्कार्फ गुंडाळला, यांचा काळा चष्मा लावला. चष्मा दर दहा पावलांनी नाकावरून घसरत होता. भोंग्याने डोकी मोजली, माझ्यापाशी क्षणभर थांबली, 'बावीस' म्हणाली आणि पुढे गेली. मला वाटलं, जमलं.

आमच्यात एक निवृत्त गणिताचे मास्तर होते. खिशात तीन पेनं, हातात डायरी. पहिल्याच देवळात त्यांनी विचारलं, हा एक खांब वाकडा कसा. मला अंदाज होता की आता काय होणार, आणि तेच झालं. भोंगा म्हणाली, बाकीचे खांब ताठ उभे राहतात, म्हणून सगळ्यांच्या वतीने हा एक वाकून नमस्कार करतो. मास्तरांनी ते लिहून घेतलं आणि विचारलं, कोणत्या सालापासून. तिने साल सांगितलं. वर महिनाही सांगितला.

नदीच्या पायऱ्यांवर ती म्हणाली, एकशे त्र्याहत्तर पायऱ्या आहेत. मास्तर खालपर्यंत मोजत गेले आणि घामाघूम होऊन म्हणाले, एकशे अडुसष्ट भरल्या. भोंग्याच्या चेहऱ्यावरची रेषा हलली नाही.

"उतरताना पाच कमीच भरतात, काका," ती म्हणाली. "चढताना पापाचं ओझं असतं."

लोक हसले. मास्तर हसले नाहीत. त्यांनी डायरीत पाचाच्या आकड्याभोवती गोल केला. तो गोल मला काही शुभ वाटला नाही.

एका गल्लीत एक बुजवलेली खिडकी दिसली. तिची परीक्षा पाहावी म्हणून मी आवाज बदलून विचारलं, ही खिडकी का बुजवली. माझा बदललेला आवाज मलाच बोकडासारखा वाटला. भोंगा थांबली, छत्री खांद्यावर टेकवली आणि सगळ्यांना ऐकू जाईल अशा आवाजात सांगू लागली. या घरात एक बाई राहायच्या. त्यांना काळजी करायची फार सवय. मुलगी कामाला गेली की त्या खिडकीत उभ्या राहायच्या आणि येणाऱ्या-जाणाऱ्या प्रत्येकाला विचारायच्या, आमची दिसली का हो. शेवटी गल्लीतल्या लोकांनी हात जोडले आणि खिडकी बुजवून घेतली.

"आता त्या काय करतात?" कोणीतरी विचारलं.

"काळा चष्मा लावून हिंडतात म्हणे," ती म्हणाली आणि उलट्या पावलांनी पुढे चालू लागली.

मी चष्मा काढून पर्समध्ये टाकला. पुढची सगळी फेरी ती मला 'काकू' म्हणत होती. 'काकू, सांभाळून.' 'काकूंना पाणी द्या कोणीतरी.' पोटची पोर, पण एकदाही चुकली नाही.

मग ती पायरी आली. मोठ्या देवळाच्या दाराआधी एका पायरीला ताटाएवढा गोल खळगा आहे, झिजून गुळगुळीत झालेला. मास्तरांनी विचारलंच, हा खळगा कशाचा. भोंग्याने दोन सेकंद खळग्याकडे पाहिलं. ही पोरगी कोरा पेपर पाहून अशीच दोन सेकंद थांबायची. मग म्हणाली, ही विसाव्याची पायरी. इथे बसून मनातली एक तक्रार सोडून द्यायची आणि मगच आत जायचं. शेकडो वर्षं माणसं इथे बसून हलकी होऊन गेली, त्यांनीच दगड झिजला.

मास्तर बसले. डोळे मिटले. पाच मिनिटं झाली, सात झाली. त्यांच्या बायकोने त्यांच्या चाळीस वर्षांच्या टिपणवह्या न विचारता रद्दीत घातल्या होत्या, हे नंतर त्यांनीच सगळ्यांना सांगितलं. उठले तेव्हा रुमालाने नाक पुसत होते. मग सगळ्यांनीच रांग लावली. आपापसांत न बोलणाऱ्या दोन जावा एकाच वेळी त्या खळग्यात बसायला गेल्या आणि अडकल्या, त्यांना हात देऊन काढावं लागलं, आणि त्या हसत हसत आत गेल्या. शेवटी मीही बसले. माझी तक्रार समोरच उभी होती, छत्री धरून.

"काकू, लवकर सोडा," ती म्हणाली, "मागे रांग आहे."

खोटं कशाला लिहू, उठताना मला बरं वाटलं होतं.

सगळे आत गेले. मी गुडघ्यांचं निमित्त करून बाहेर चपलांपाशी थांबले. पायरीच्या कडेला एक फुलवाली बसते, सगळे तिला मावशी म्हणतात. ती माझ्याकडे पाहत म्हणाली, तुम्ही छत्रीवालीच्या आई ना, नाक तेच आहे. मग फुलांवर पाणी शिंपडत तिने हळूच सांगितलं की तो खळगा तक्रारींचा नाही, हंड्याचा आहे. फुलांना दिवसभर पाणी लागतं. तिच्या सासूने तीस वर्षं त्या पायरीवर पाण्याचा हंडा ठेवला, टेकवला, गोल फिरवला. बावीस वर्षं ती स्वतः ठेवत होती. पोरगी फेरीफेरीला ही विसाव्याची गोष्ट सांगायला लागली, तेव्हापासून कोणी ठेवू देत नाही. लोक ओरडतात, मावशी, देवाची पायरी आहे, हंडा उचला. म्हणून ती तो तीन पायऱ्या खाली ठेवते आणि दर वेळी चढउतार करते.

मी विचारलं, मग तुम्ही तिला सांगितलं का नाही?

"कसं सांगू, ताई? संध्याकाळी घरी जाताना माझा हंडा तीच पायऱ्या चढवून देते," मावशी म्हणाली. "तिच्या तोंडावर म्हणू, की तुझ्यामुळे खाली गेला?"

हे मी त्याच दिवशी भोंग्याला सांगायला हवं होतं. फेरी संपल्यावर तिने माझी पिशवी घेतली, स्कार्फ सोडून त्याची घडी घातली आणि विचारलं, आई, कशी झाली फेरी? मी म्हणाले, छान. गाडी सुटेपर्यंत आम्ही फक्त माझ्या चष्म्यावर हसलो. पोरगी इतकी खूश होती की माझी जीभ रेटली नाही, आणि पायरीवर मला बरं वाटलं होतं तेही मोडवेना.

मास्तरांनी घरी जाऊन कार्यालयाला तीन पानी पत्र लिहिलं. बारा मुद्दे, पायऱ्यांच्या बेरजेचा तक्ता वेगळा. नवव्या मुद्द्यात लिहिलं होतं की, पायरीवर बसून मला खरोखर बरे वाटले, त्याबद्दल तक्रार नाही. मात्र हे कोणत्या ग्रंथात आहे ते कळावे. झालं, बोलावणं आलं. तिथल्या एका जुन्या गाईडकाकांनी तिला बाजूला घेऊन सांगितलं, साहेब माणूस वाईट नाही. नववा मुद्दा तेवढा विचारतील. चुकलं म्हणालीस तर समज देऊन सोडतील. आणखी एक थाप मारलीस तर बिल्ला गेला म्हणून समज.

आज संध्याकाळी तिचा फोन आला. आवाजात काळजी नव्हती, उलट परीक्षेच्या आदल्या दिवशी सगळा अभ्यास झालेल्या मुलीसारखी बोलत होती.

"आई, ग्रंथाचं नाव ठरलं. पायरीपुराण, अध्याय सातवा."

"सातवाच का?" मी विचारलं. खरं तर हे विचारायचं नव्हतं.

"पहिला म्हटलं तर ते उघडून बघतील. सातव्यापर्यंत कोण वाचतं?"

यावर मी काय म्हणायला हवं होतं? मी म्हणाले, बघ बाई, जेवलीस का? ती म्हणाली, जेवले. मी फोन ठेवला आणि तेव्हापासून भांडी घासून झाली, ओटा दोनदा पुसून झाला, कडधान्याच्या डब्यांना नव्याने चिठ्ठ्या लावून झाल्या. एकदा मनात आलं की साहेबांनाच फोन करावा आणि सांगावं, पोरीची चूक नाही, हा माझा अभ्यासक्रम आहे. पण सत्तावीस वर्षांच्या मुलीची आई साहेबांना फोन करते म्हटल्यावर ती दुसरी खिडकी बुजवून घेईल.

बिल्ला गेला तर ती काय करेल, याचा विचार करून पाहिला. दुसरं काम मिळेल, हे म्हणतात तसं. पण ती सरळ चालेल, आणि मला ती उलटी चालणारीच हवी आहे, रोज घड्याळाकडे बघत बसावं लागलं तरी चालेल.

तेव्हा मीच फोन लावते आहे, तिलाच. ती झोपलेली असेल. घाबरून उचलेल आणि विचारेल, काय झालं, बाबा बरे आहेत ना. सांगेन, घोरताहेत. मग आधी हंड्याचं सांगेन, मावशीच्या सासूपासून, एक शब्द न गाळता. पायरीचं खरं उत्तर तेवढंच आहे, ते साहेबांना दे, आणि हंडा परत वर ठेवून ये. ग्रंथाचं विचारलं तर काहीही लिहू नकोस, पेपर कोरा सोड. आईने सांगितलंय म्हण.

ती विचारेल, मग साहेब काय करतील?

माहीत नाही, म्हणेन. आमच्या घरात कोणीतरी सुरुवात करायला हवी.