उरलेलं अक्काला

रविवार सकाळ. रक्कम तीन रुपये: दोनाचं एक नाणं आणि एकाचं एक. हजर मी, माझी मुलगी आणि कुकरात शिजणारा खरवस. त्याचा वेलदोड्याचा वास कळंब्याच्या आमच्या घरभर पसरलेला. दोन नाणी उडवली तर काय काय पडू शकेल, ते मुलीला वहीत मांडायचं होतं. तिनं तीन ओळी लिहिल्या: दोन्ही छापे, दोन्ही काटे, एक छापा एक काटा. मी चौथी ओळ मागितली. "कुठल्या नाण्याचा छापा, त्यानं काय होतंय? दोन्ही एकच की," ती म्हणाली, आणि मी हातातल्या सांडशीसकट थांबलो. हेच वाक्य, याच ठसक्यात, मी गारगोटीच्या आमच्या गोठ्यात दादाच्या तोंडून ऐकलं होतं.

त्या वर्षी आमच्या वडिलांनी, आबांनी, म्हशीची रेडी आम्हा तिघा भावंडांपैकी एकाला द्यायचं ठरवलं. दादाला ती आपल्याच दावणीला हवी होती, मला विकून सायकल घ्यायची होती. अक्काचं लग्न जयसिंगपूरला ठरलं होतं. "तिथं डेअरीचं बिल, दुधाचं पैसं, माझ्या नावावर यील," एवढंच ती म्हणाली. पण रेडीच्या गळ्यातला हात काही तिनं काढला नाही. स्वतःचा म्हणावा असा पैसा तोवर तिच्या हाती कधी आलाच नव्हता. एक रुपया आणि एक आठाणे, अशी दोन नाणी उडवायची ठरली. दोन्ही छापे पडले तर रेडी दादाची, दोन्ही काटे पडले तर माझी. "आणि उरलेलं अक्काला," दादा म्हणाला. आकडा चुकला की मला गप्प बसवत नाही. काटकीनं मी जमिनीवर चार घरं आखली. रुपया छापा, आठाणे काटा हे एक. रुपया काटा, आठाणे छापा हे दुसरं. दोन्ही अक्काची.

"दादा, चारांत दोन तिला जात्यात."

"लई शाना झालास व्हय? दोन्ही एकच की ते."

मी पुन्हा एकेका घरावर बोट ठेवलं. तो वाकून बघत राहिला. कळलं त्याला, कानाच्या पाळ्या लाल झाल्या. "आता शब्द गेला," तो म्हणाला. "आबा, उडवा."

रुपया छापा पडला. माझं घर तिथंच मिटलं, अक्काचंही एक गेलं. उरली दोनच: एक दादाचं, एक तिचं. आठाणे मात्र घरंगळत गव्हाणीकडं निघाले, दादाच्या पायाशी गिरकी घेऊ लागले. त्यानं पाय उचलून वाट दिली. अक्कानं डोळे मिटले होते. मी सगळं मांडून बसलेला माणूस, पण काय पडणार हे मलाही ठाऊक नव्हतं. काटा पडला. दादानं दावं सोडलं आणि अक्काच्या हाती दिलं.

दादा अजून म्हणतो, नशीब तिचं. मी म्हणतो, चारांत दोन. नाणं पडलं की एकच घर खरं होतं, बाकीची पुसली जातात. पण गिरकी चालू असते तेवढा वेळ ती सगळी जिवंत असतात, आणि मला त्या दिवसातलं आजही तेच आठवतं. मुलीनं चौथी ओळ लिहिली, मी तीन रुपये तिच्या हातावर ठेवले.

त्या रेडीच्या वंशातली म्हैस परवा अक्काकडं व्याली. चिकाची एक बरणी दादाला पोचली, एक मला. डेअरीचं बिल अक्काच्या नावावर येतं.