बियाला ठेवलेली ओळ

जगातले यच्चयावत कवी आपली कविता दुसऱ्याच्या गळ्यात मारायला टपलेले असतात. रस्त्यात गाठतात, हात धरून बसवतात, वर चहाही पाजतात. आमची मावशी तेवढी या सगळ्यांत कंजूष. तिच्याकडून अख्खी कविता आजवर देवालाही मिळाली नसेल! मावशी म्हणजे माझी नात्यानं कुणी लागत नाही. माझं रामनगरला बसस्टँडसमोर झेरॉक्स आणि टायपिंगचं दुकान, आणि ती अणशीकडच्या रानातली कुणबी बाई, लिहिता-वाचता न येणारी. पहिल्यांदा आली ती आधार कार्डाची झेरॉक्स काढायला. मशीनमधून स्वतःचा चेहरा सरकत बाहेर येताना बघून तिनं तिथल्या तिथं चार ओळी म्हटल्या, आणि मी गिऱ्हाईक सोडून त्या टाईप करत बसले. तेव्हापासून दर बाजाराला तिची फेरी ठरलेली. सगळं गाव मला अक्का म्हणतं म्हणून तीही अक्काच म्हणते, वयानं माझ्या दीडपट असून.

बसून कविता सांगायची नाही, हा तिचा पहिला नेम. तिच्या सगळ्या कविता शेतात उभ्यानं, माती ओढताना झालेल्या. बसलं की त्या झोपतात म्हणे. म्हणून ती माझ्या टेबलासमोर उभी राहून हवेतच माती ओढते आणि कॉम्प्युटर लांब असल्यासारखी त्याला मोठ्यानं हाका मारून सांगते. त्या हातवाऱ्यात माझे दोन चहाचे कप आणि एक स्टेपलर कामी आला. खुर्ची पुढं केली की म्हणते, "ती तुझ्या सायबास्नी दे, मला काय झालंय?" साळींदरावरची कविता सांगितली तेव्हा तर कागद झेरॉक्स करायला आलेला गोव्याच्या ट्रकचा ड्रायव्हर गाडी रस्त्यात ठेवून अर्धा तास हसत उभा होता, आणि मागं हॉर्नचा नुसता धिंगाणा. रानातलं साळींदर तिची कोनफळं उकरून खातं. तिनं त्याला जावई करून टाकलंय. न बोलावता येतो, सगळ्यात मोठं कोनफळ खातो आणि जाताना आहेर म्हणून एक काटा ठेवून जातो. मावशीला खरं तर जावई नाही. एक मुलगी होती, ती लहानपणीच गेली. त्याविषयी ती बोलत नाही, मीही विचारत नाही.

तर ती कविता रंगात आली आणि एकदम थांबली. मी म्हटलं, "मावशी, पुढं?"

"पुढं काय? झालं."

"अहो, शेवट कुठंय?"

"शेवटची वळ बियाला ठेवलीया."

मी कपाळावर हात मारला. मग तिनं मला अडाण्याला समजवावं तसं समजावलं. कोनफळ काढलं की कुणबी माणूस ते सगळं खात नाही. वेलाकडचा तुकडा कापून, त्याला राख चोळून बियाला ठेवायचा. पुढल्या वर्षी त्यातूनच वेल उठतो. कवितेचंही तसंच. "समदी तुला दिली तर म्होरल्या वर्साला काय लावू? तुझी मशीन लावू?"

हे खूळ माझ्यापुरतं असतं तर चाललं असतं. पण तालुक्याच्या कविसंमेलनातही बाईंनी तोच प्रकार केला. कमरेला कोयता लावूनच व्यासपीठावर चढली, साळींदराची कविता म्हणाली आणि शेवटच्या ओळीआधी सरळ खाली उतरून चपला शोधायला लागली. अध्यक्ष टाळीसाठी दोन्ही हात उचलून तसेच बसलेले. बिचाऱ्यांनी विचारलं, "आजी, शेवटची ओळ?" ही म्हणते, "ती घरात हाय."

माझा जीव मात्र तिच्या पुस्तकात अडकलेला. रानातल्या या बाईचं नाव पुस्तकावर छापलेलं मला बघायचं होतं. बेळगावचा छापखानावाला तयार होता, पण त्याची एकच अट, कविता पुऱ्या हव्यात. तीन वर्षं मी तिच्या मागं लागले. भजी खायला घातली, भांडले, अबोला धरला. एकदा तर स्वतःच शेवटची ओळ रचून तिला वाचून दाखवली. तिनं डोळे मिटून ऐकली आणि म्हणाली, "किडकी हाय गो."

आणि गेल्या जानेवारीत ती गाठोडं घेऊन दुकानात आली आणि खुर्चीवर बसली. बसली! तिचा मुलगा गोव्यात, फोंड्याला कारखान्यात आहे. ती उतारावरून पडल्यापासून त्यानं हट्टच धरला होता; आता शेत सोडून कायमची त्याच्याकडे निघाली होती. तिसऱ्या मजल्यावरची खोली. बसला अर्धा तास होता.

"घे अक्का, लिव. समद्या सांगतो. तुझं पुस्तक होऊ दे."

मी लगेच कॉम्प्युटर पुढं ओढला. साळींदराच्या कवितेची शेवटची ओळ तिनं सांगितली, मी टाईप केली, आणि हसायच्या त्या कवितेवर मला एकदम रडू आलं. वर बघितलं तर मावशीचे हात मांडीवर निपचित पडलेले. हवेत माती नाही, काही नाही.

"मावशी, बियाचं काय?"

"तिकडं माती न्हाई गो. ठेवून काय करू? कुजवू?"

मी ती ओळ पुसली आणि कॉम्प्युटर बंद केला. ती भडकली. "तीन वर्सं माझं डोकं खाल्लंस, आनि आता?"

"आता माझ्या दुकानामागं जागा हाय," मी म्हटलं आणि तिला हाताला धरून मागं नेलं. नळाजवळची चार हात जमीन, त्यावर मोडका प्रिंटर. तिनं माती चिमटीत घेतली, हुंगली आणि शिव्या घातल्या. "ही काय माती? हिला शाईचा वास येतोय!" पण शिव्या देता देताच गाठोडं सोडलं. आत राख चोळलेला कोनफळाचा तुकडा होता. शेत सुटलं तरी बी आणलं होतं तिनं. "वैशाखात लाव. काढायला मी येतो. तू हात लावशील तर बघ," असं दरडावून ती बसमध्ये चढली.

पुस्तक शेवटी मीच काढलं, माझ्याच मशीनवर, स्टेपल मारून. कव्हरवर तिचं नाव, आणि आत प्रत्येक कवितेखाली एक ओळ कोरी. वैशाखात लावलेल्या तुकड्याचा वेल मागच्या छपरावरून पुढं येऊन दुकानाच्या पाटीवर चढलाय. 'झेरॉक्स' दिसत नाही म्हणून गिऱ्हाइकं कुरकुरतात. मावशी दर रविवारी फोन करते. पुस्तकाचं नावही काढत नाही, नुसतं विचारते, "पानं पिवळी झाली?"

परवा झाली, म्हणजे कोनफळ काढायला आलं. मी सांगितलं. तशी ती फोनवरच मोठ्यानं सुरू झाली, "जावया, माझी लेक तुझ्याकडं बरी हाय न्हवं?" तीच ओळ, मी पुसलेली. यावेळी पहिली होती, आणि तिच्यामागून नवीकोरी कविता येत होती. तिकडं भांडं पडल्याचा आवाज झाला. नक्की उभी राहून हात हलवत असणार. मी कागद ओढला आणि डोळे पुसत भराभर लिहून घेतलं. शेवटची ओळ अर्थातच दिली नाही.