राऊंडच्या आधीचं पाणी

पडदा वर जातो तेव्हा सकाळचे साडेनऊ वाजलेले असतात. समोर एक काचेची खोली. खोलीत चार लोखंडी खाटा, प्रत्येकीच्या उशाशी ऑक्सिजनचं काळं नळकांडं, आणि कोपऱ्यात हिरवी रेघ उमटवणारं एकुलतं एक मशीन. डाव्या बाजूनं आधी दोन बादल्या येतात. बादल्यांमागे मुंजाजी, पन्नाशीचा वॉर्डबॉय, खांद्यावर चार पंचे टाकून. त्याच्यामागे पांढऱ्या लुगड्यातली, ठेंगणी, ताठ मानेची कस्तुराबाई. ती घड्याळाकडे बघते, बोट पाण्यात बुडवते आणि मान हलवते.

"चला, मामा. साहेब यायच्या आत चौघं बी गार पायजेत."

ही खोली होती परभणीतल्या डॉक्टर दिनकरराव पाथरीकरांच्या दवाखान्यात. साल एकोणीसशे सत्त्याऐंशी, महिना भादव्याचा. अतिदक्षता कक्ष अशी पाटी दारावर होती, पण गावातून येणारी माणसं तिला काचेची खोलीच म्हणत. काचेआड गेलेला माणूस बाहेरच्यांना दिसायचा, त्याचा आवाज मात्र यायचा नाही.

कस्तुराबाई मूळची येलदरीची. बाप धरणाच्या कामावर मजूर होता. धरण वाढत गेलं तशी ती वसाहतीच्या शाळेत सातवीपर्यंत वाढली. पुढं पूर्णेला रेल्वेतल्या एका खलाशाला दिली. त्यानं चार वर्षांत दुसरं घर केलं. ती रडतभांडत बसली नाही. एक ट्रंक घेऊन परभणीला आली आणि या दवाखान्यात आया म्हणून लागली. थर्मामीटर वाचायला शिकली, मग सुई द्यायला, मग मशीनच्या रेघेकडे बघून माणसाचा भरवसा सांगायला. कागदावर ती कधी सिस्टर झाली नाही, पण काचेची खोली निघाली तेव्हा डॉक्टरांनी तिच्याच हाती किल्ली दिली.

आणि तापाशी तिचं वैर होतं. त्याचं कारण साधं. खोली उघडल्यावर पहिल्याच महिन्यात एका म्हाताऱ्याला राऊंडच्या वेळी एकशे तीन ताप निघाला आणि डॉक्टर सगळ्यांदेखत म्हणाले, "कस्तुराबाई, रात्रभर काय करत होता?" ते वाक्य तिच्या जिव्हारी लागलं. दुसऱ्या दिवसापासून तिनं रीत पाडली. राऊंडच्या आधी अर्धा तास प्रत्येक तापकऱ्याचं अंग ओल्या पंच्यानं पुसायचं, कपाळ, काखा, मांड्या, सगळं. मग थर्मामीटर लावायचा आणि तोच आकडा चार्टवर चढवायचा. पहाटे सहाचा ताप राहायचा कच्च्या वहीत, आणि ती वही राहायची टेबलाच्या खणात.

जसं नटाला रंग फासून, टोप चढवून, मगच पुढं ढकलावं, तसे तिचे रोगी दहाच्या ठोक्याला तयार असत. डॉक्टर खूश. बाहेरगावचे डॉक्टर कधी खोली बघायला आले तर ते सांगत, "आमच्या कस्तुराबाईंच्या खोलीत ताप टिकत नाही." अशा वेळी ती खाली बघून सलाईनची नळी नीट करायची. नळी नीटच असायची.

चार वर्षं ही रीत चालली आणि त्यापायी कुणाचं काही बिघडलं नाही. मग भुजंग आला.

भुजंग ताडकळसच्या अलीकडच्या एका खेड्यातला, सव्वीस वर्षांचा गडी. कापसावर फवारणी करत होता. उघड्या अंगानं, पाठीवर पंप, वारं तोंडावर, आणि बादलीतलं औषध ढवळलं ते हातानंच. दुपारी बांधावर कोसळला. बैलगाडीनं ताडकळस, तिथून जीपनं परभणी. आला तेव्हा नुसता पाझरत होता. तोंडातून लाळ, डोळ्यांतून पाणी, छातीत घरघर, आणि घाम इतका की खाटेवरची चादर पिळून काढावी. या विषाचं तेच लक्षण. ते माणसाला आतून बाहेरून ओलं करतं आणि शेवटी त्याच्याच छातीतल्या पाण्यात बुडवतं. त्यावरचं औषध ॲट्रोपिन. ते माणसाला सुकवतं. सुई देत जायची, अंग सुकलं की हात आखडायचा. घाम दिसला की पुन्हा द्यायची.

सोबत आई होती, पारूबाई. तिला काचेबाहेरच्या बाकावर बसवलं. दिवसातून दोनदा खोलीत सोडत, तेवढंच.

पहिल्या रात्रीतच भुजंगची घरघर थांबली. डॉक्टर म्हणाले, "गडी वाचतोय." दुसऱ्या दिवशी पहाटे अंग थोडं तापलं, एकशे एक. कस्तुराबाईनं त्याला इतरांसारखं पुसून घेतलं. दहाला डॉक्टर आले, चार्ट बघितला, ताप जवळजवळ नाहीच. मग त्यांनी भुजंगच्या काखेत हात घातला. हात ओला झाला.

"अजून पाझरतोय," ते म्हणाले. "विष उतरलेलं नाही. डोस वाढवा."

डोस वाढला.

तिसऱ्या दिवशी पहाटे कच्च्या वहीत एकशे तीन लिहिलं गेलं. भुजंग बडबडायला लागला होता. हवेत हात घालून तो काहीतरी चिमटीत धरायचा, ओढायचा आणि उशीखाली ठेवायचा. भेटीच्या वेळेला आत आलेली पारूबाई बघत राहिली.

"शिस्टर, कापूस येचायलाय हो त्यो. घरी तर एक बोंड येचत न्हाई मेला, अन् हितं बगा."

"येचू द्या. येचतोय म्हंजे हात चालायलेत."

राऊंडला अंग पुन्हा पुसलेलं. डॉक्टरांनी बॅटरी मारून डोळे बघितले. "औषधानं बाहुल्या मोठ्या झाल्यात खऱ्या. पण घाम आहे तोवर औषध चालूच ठेवावं लागेल." त्या दिवशी नांदेडचे एक डॉक्टर पाहुणे म्हणून सोबत होते. दिनकररावांनी त्यांना खोली दाखवली, चार्ट दाखवले, आणि ते नेहमीचं वाक्य म्हटलं. डोस आणखी वाढला. बडबडीसाठी मलेरियाचं रक्त तपासायला गेलं, छातीत काही असेल म्हणून जंतूंवरचं इंजेक्शनही सुरू झालं.

मंडळी बाहेर पडली आणि कस्तुराबाई खाटेशी एकटी राहिली. ताप कुठून येतो ते शोधायची तिची आपली एक पद्धत होती. ती वरून खाली जायची, घर झाडावं तशी. सलाईनच्या सुईभोवतीची पट्टी तिनं सोडून बघितली. शीर मऊ, लाली नाही. लघवीच्या नळीतलं पाणी स्वच्छ. कुशीवर वळवून पाठ बघितली, कुठं जखम नाही. छातीला कान लावला, घरघर नाही. ओठ मात्र फुटलेले, आणि जीभ वाळल्या कातड्यासारखी. लाळ गळणाऱ्या माणसाची जीभ अशी का असावी?

तिनं थर्मामीटर काढला. काखेत ठेवायच्या आधी घाम टिपायचा म्हणून हातात कापूस घेतला आणि तशीच थांबली. मघाचं पाणी पंख्यानं वाळलं होतं. काख कोरडी ठणठणीत. पहाटेही ती कोरडीच होती, काल पहाटेही; टिपायला कापूस लागलाच नव्हता. हा गडी दोन दिवस फक्त दहा वाजता ओला असायचा.

घाम नव्हताच. पाणी होतं, तिच्या बादलीतलं.

म्हणजे विष कधीच सरलं होतं. अंग भाजत होतं ते औषधानंच. घामाची वाट बंद झाली, आतली उष्णता बाहेर पडेना, आणि ती पुसत होती म्हणून डॉक्टर सुकवत होते. हे तिला दवाखान्याच्या पुस्तकातून कळलं नाही. हातातल्या कोरड्या कापसानं सांगितलं.

ती जिन्यापर्यंत गेली. वरून दिनकरराव आणि नांदेडचे डॉक्टर यांचं हसणं ऐकू येत होतं, चहाच्या कपांचा आवाज येत होता. आत जाऊन म्हणायचं काय? तुम्ही ज्याचं कौतुक सांगता ते माझं सोंग आहे, असं? चार वर्षांचे चार्ट खोटे आहेत, असं? पाहुण्यासमोर? ती कठड्याला हात लावून परत फिरली. उद्या सकाळी सांगू, असं तिनं स्वतःला सांगितलं. सुईची वेळ झाली तशी तिनं सुई दिली, पुढची दिली, त्याच्या पुढचीही. चार्टवर तसं लिहिलेलं होतं.

चौथ्या दिवशी साडेनऊला मुंजाजी बादल्या घेऊन आला.

"आज ह्याला न्हाई पुसायचं," ती भुजंगकडे बोट करून म्हणाली. "त्याला ऱ्हाऊ द्या."

"का हो? भट्टीवानी तापलाय की. साहेब आपल्याला फाडून खातील."

"खाऊ द्या. ती बादली तिकडं ठिवा, मामा."

दहाला डॉक्टर आले. चार्टवर एकशे चार पूर्णांक सहा. त्यांचा आवाज चढला. "हे काय? रात्रभर काय करत होता?"

"साहेब, आधी काखेत हात घाला."

त्यांनी घातला. मग दुसऱ्या काखेत घातला. मग कपाळावर, मानेवर, पायांवर.

"साहेब, काल बी असंच व्हतं. परवा बी. तुमाला जो घाम लागला तो घाम न्हाई, आमचं पाणी हाय. तुमी यायच्या आत मी समद्यांनाच पुसून घेते. चार वरसं झाली."

मुंजाजीनं छताकडे बघायला सुरुवात केली. मशीनची रेघ भराभर पळत होती. डॉक्टरांनी बॅटरी मारली, बाहुल्या कवडीएवढ्या. पोटाला नळी लावून बराच वेळ ऐकलं. आत काहीच हालचाल नाही. नाडी दीडशेवर. ते हळूच सरळ झाले.

"कस्तुराबाई," ते म्हणाले, "म्हणजे दोन दिवस मी तुमच्या बादलीला औषध देतोय."



ॲट्रोपिन बंद झालं. ताप उतरवायची सुई या तापाला लागू पडणार नव्हती. अंगच गार करायला हवं होतं. ओल्या चादरी, दोन्ही बाजूंनी पंखे, आणि बर्फ. पण त्या दिवशी विद्यापीठाच्या नामांतराचा बंद होता. बर्फाचा कारखाना बंद, दुकानांच्या फळ्या लागलेल्या. मुंजाजी सायकल घेऊन गेला आणि तासाभरानं पोत्यात बर्फ घेऊन आला. येलदरीहून मासळी घेऊन आलेला एक टेम्पो बंदमुळं मोंढ्याच्या बाजारापाशी अडकून पडला होता.

"शी गं बाई," पारूबाई नाकाला पदर लावून म्हणाली. "आमी माळकरी माणसं. मासळीचा बर्फ?"

"मासळी टेम्पोतच हाय, आक्का," मुंजाजी म्हणाला. "म्या नुसता वास आणलाय."

रबरी पिशव्यांत बर्फ भरून तो कापडात गुंडाळून काखांत आणि जांघांत ठेवला. कस्तुराबाई खाटेशेजारच्या स्टुलावरून हलली नाही. दर अर्ध्या तासानं आकडा, आणि आकड्यापुढं काय केलं ते: चादर बदलली, पिशवी बदलली. हे सगळं आता पक्क्या चार्टवर. बाराला एकशे चार. एकला एकशे तीन. दोनला पुन्हा एकशे तीनच; तेव्हा तिनं पंखा आणखी जवळ ओढला. चारला एकशे एक. पाचच्या सुमाराला भुजंगनं चिमटीत काहीतरी धरलं, बघितलं, तिथं काहीच नाही हे त्याच्या ध्यानात आलं, आणि त्यानं हात खाली ठेवला. सहाला त्याच्या वरच्या ओठावर घामाचे बारीक थेंब आले. ते तिनं पुसले नाहीत. डॉक्टरांना बोलावून दाखवले.

त्या संध्याकाळी दिनकररावांनी एवढंच सांगितलं, की पुसायला हरकत नाही, पण आधी ताप लिहायचा, मग पुसायचं, आणि पुसलं हेही लिहायचं. कच्ची वही त्यांनी मागून घेतली, चाळली आणि स्वतःच्या टेबलात ठेवली. तिला कामावरून काढलं नाही. पगारही कापला नाही. बाहेरच्या डॉक्टरांना खोली दाखवताना मात्र ते जुनं वाक्य पुन्हा कधी बोलले नाहीत.

दहाव्या दिवशी भुजंग स्वतःच्या पायांनी काचेबाहेर आला. पारूबाई खण आणि नारळ घेऊन कस्तुराबाईच्या टेबलाशी उभी राहिली.

"शिस्टर, साहेबांनी समदं सांगितलं मला. त्यांना बी घामाचा धोका झाला, तुमी वळखलं म्हणून माजं लेकरू उठलं. वटी भरते, न्हाई म्हणू नका."

आणि तिनं वाकून पाय धरले. कस्तुराबाईनं तिला खांद्याला धरून उठवलं. नारळ टेबलावर होता. मागून मुंजाजी डोळ्यांनी खुणावत होता, घ्या, घ्या, आणि गप ऱ्हावा. साहेबांनी झाकायचं तेवढं झाकलं होतं. भुजंग दाराशी चपला शोधत होता. बाहेर ताडकळसच्या एस.टी.ची वेळ होत आली होती. दोन मिनिटं तोंड मिटून बसलं असतं, तर ती मायलेकरं आयुष्यभर तिचं नाव घेत राहिली असती.

"पारूबाई," ती म्हणाली, "साहेबांनी तुमाला निम्मंच सांगितलं. तो घाम न्हाई, माझ्या बादलीतलं पाणी व्हतं, अन् ते मला आदल्या दिवशीच कळलं व्हतं. पाव्हण्यापुढं माजं नाक खाली हुईल म्हणून मी एक दिवस गप बसले, अन् त्या दिवसाच्या समद्या सुया तुमच्या लेकाला माझ्यापायी बसल्या. आता नारळ ठिवायचा का माघारी न्यायचा, ते तुमी ठरवा."